पडद्यापुरतं ‘तू’

जोडीच्या नर्सनं, मंजुषानं, ऐन वेळी सुट्टी मारली आणि उमरग्याच्या डायलिसिस सेंटरमधल्या तिसऱ्या खाटेची जबाबदारी शिवलीलावर आली. त्या खाटेवर गौरीशंकर होता — सास्तूरचा, अठ्ठावीस वर्षांचा, दुबईत स्वयंपाकी असताना दोन्ही किडन्या निकामी होऊन परतलेला. मशीन त्याचं रक्त धूत होतं आणि हा पठ्ठ्या मोबाइलवर सिनेमा बघत गालात हसत होता.

कुठला सिनेमा म्हणून तिनं विचारलं. फिलिपाइन्सचा, जुना, काळा-पांढरा. दुबईतल्या फिलिपिनो दोस्तानं दिलेला. दर दहा मिनिटांनी गाणं, दर पाच मिनिटांनी रुसवा.

“भाषा कळते तुम्हाला?”

“न्हाय की, सिस्टर. म्हणून तर लई गोड वाटतं.”

मग ती खाट शिवलीलानं स्वतःकडंच ठेवली आणि त्यांना खेळच लागला. दर सोमवारी नि गुरुवारी तो नायकाचं बोलायचा, ती नायिकेचं, मनाला येईल ते. पडद्यापुरतं ‘तू’, एरवी ‘तुम्ही’. तुझ्या भाकरीला मीठच नसतं, असं नायक म्हणायचा. मग तूच थाप की, असं नायिका फणकारायची, आणि शिवलीलाचे कान तापायचे. पेशंटवर जीव जडवू नये हे पोरीला कळत होतं, वळत मात्र नव्हतं.

आईची किडनी जुळली नाही. सुई टोचायची शीरही बसत चालली. एका सोमवारी तो शांतपणे म्हणाला की गुरुवारपासून येत नाही. म्हातारीला एस्टीत किती दिवस हिंदकळवायचं? न येणं म्हणजे आठवडा, फार तर दहा दिवस… हे दोघांनाही ठाऊक होतं.

सिनेमा चालूच होता. नायक पाठ फिरवून निघाला होता.

“निघतो मी,” गौरीशंकर त्याचं बोलला. “तू सुखानं ऱ्हा.”

“गुरुवारी ये,” शिवलीला म्हणाली. “आईला नको आणू. स्टँडवर मी येते घ्यायला… पर तू ये. तुझ्याबिगर मला करमत न्हाय.”

त्यानं पडद्याकडं पाहिलं, मग तिच्याकडं.

“सिस्टर… ती तर गप्प हाय. ओठ मिटल्यात तिचे.”

“व्हय. ती गप्पच हाय.”

मग त्याचा मोकळा हात तिच्या हातावर आला.

“लई दिवस न्हाय मिळायचे तुला, शिवलीला.”

“ठाऊक हाय. तुझे रिपोर्ट मीच लावते फाईलला.”

तो आला. त्या गुरुवारी आला, त्याच्या पुढच्याही आला… एकूण एकोणीस गुरुवार आला.