टोपीवाल्या प्रवाशाचं वाक्य

प्रेमभंग झाला की रोमच्या सिनेमातला नायक शेवटची मेट्रो पकडतो आणि गाऊ लागतो. खिशात मोटारीची किल्ली असली तरी. याही सिनेमात तसंच होतं. फक्त नायकाच्या मागे टोपी घातलेला एक म्हातारा बसला होता आणि त्याला एक वाक्य होतं : "पोरा, जरा हळू गा, माझं स्टेशन चुकेल."

ते वाक्य लिबेरोला मिळालं होतं. तीस वर्षं डबिंग स्टुडिओत त्याने कुत्र्यांसाठी भुंकून, बाळांसाठी रडून दिलं होतं. आता पहिल्यांदाच अख्खं वाक्य आणि पडद्यावर नाव! बायकोने, आसुंताने, साऱ्या इमारतीत सांगूनही टाकलं होतं.

"संध्याकाळपर्यंत ओठ जुळवा," डबिंगच्या दिग्दर्शिका इर्माबाईंनी बजावलं, "नाहीतर नेरिओला बोलावते. तो निदान वेळेवर तोंड उघडतो."

चित्रीकरणात आवाज घेतच नसत. मागे बसलेली माणसं नुसते आकडे मोजत. शब्द नंतर चिकटवले जात. म्हातारा एक ते बारा मोजत होता. फिल्मचा तो तुकडा गोल जोडलेला होता, पुन्हापुन्हा फिरणारा. लिबेरो बोलला. चुकलं.

दुसऱ्या फेरीला म्हाताऱ्याचे ओठ तेरापासून सुरू झाले.

"बाई, हा पुढे मोजतोय!"

"मोजू दे. त्याची गणिताची परीक्षा आहे का? तुम्ही बोला."

तिसरी फेरी पंचवीसपासून. चौथी सदतीसपासून. तुकडा तोच, नायकाच्या गालावरचा अश्रूही तोच. सहा वाजत आले. काचेपलीकडे नेरिओ येऊन सफरचंद खात उभा राहिला.

लिबेरो माइकजवळ वाकला. "आजोबा," तो हळूच म्हणाला, "हात जोडतो. एवढं एकच वाक्य मिळालंय मला."

म्हातारा मोजायचा थांबला.

पडद्यावरून त्याने लिबेरोकडे पाहिलं. मग ओठ हलले : पोरा, जरा हळू गा. लिबेरो बरोबरीने बोलला. तंतोतंत जुळलं.

"अखेर!" इर्माबाई ओरडल्या. "नेरिओ, घरी जा बाळा."

सिनेमा लागला तेव्हा आसुंता नव्या चपला घालून आली. मेट्रोचं दृश्य आलं. नायक गाऊ लागला. मागची जागा रिकामी होती.

रिकाम्या जागेतून लिबेरोचा आवाज आला. लोक पोट धरून हसले.

शेवटी नावं सरकू लागली. आवाज देणाऱ्यांत लिबेरो नव्हता. आसुंताने त्याला ढोसलं. "अरे, ते बघ!"

'मेट्रोतले प्रवासी' या यादीत, सगळ्यात खाली, त्याचं नाव होतं.

"तू कधी बसलास रे त्या मेट्रोत?" तिने विचारलं. "मला न सांगता?"

लिबेरोने उत्तर दिलं. त्याचे ओठ हललेले तिला स्पष्ट दिसले.

"काय?" आसुंता म्हणाली. "मोठ्याने बोल ना."