छबूबाईंचं रडणं

"आई, हा फोटो कुनाचा हाय?"

काकासाहेबांनी, त्यांच्या एकुलत्या एका लेकानं, दारातूनच विचारलं आणि छबूबाईंच्या हातातली शेवयांची परडी खाली पडली... पासष्ट वर्षं ज्या क्षणाला त्या भीत आल्या, तो असा भर दुपारी, नात माधुरीच्या लग्नाला चार दिवस उरले असताना यावा!

ओसरीवर पुण्याचा एक गृहस्थ बसला होता. मूकपटांतल्या विस्मृत नट्यांचा शोध घेत तो कोपरगावात पोचला होता. फोटोतली सतरा वर्षांची पोर रडत होती. दोनच चित्रपट केले तिनं, मग कुठं गेली कुणालाच ठाऊक नाही, असं तो सांगत होता.

कुठं जाणार! लग्न होऊन या घरात आली होती. नवऱ्यानं, अण्णांनी, लग्नाआधी एकच मागणं मागितलं होतं, "जत्रेतल्या शिनेमाच्या तंबूत साऱ्या तालुक्यानं तुला रडताना पाह्यलंय. आईला कळलं तर घरात घ्यायची न्हाई. चारचौघांत तेवढं रडू नको... मग कुनी वळखायचं न्हाई."

आणि छबूबाई खरोखर रडल्या नाहीत! थोरली लेक तापानं गेली, तेव्हाही नाही. अण्णांची तिरडी उचलली, तेव्हा बायका तोंडावर म्हणाल्या, "दगडाची हाय बया!" त्या दिवसापासून काकासाहेबसुद्धा आईशी कामापुरतंच बोलत. बावीस वर्षं!

"म्या न्हवं ती..." छबूबाई सांडलेल्या शेवया गोळा करू लागल्या. "सोयऱ्यांना कळलं तर पोरीचं लगीन मोडंल रे! त्या मानसाला जायला सांग..."

काकासाहेबांनी फोटोतला चेहरा आईच्या चेहऱ्याशी ताडून पाहिला.

"सोयऱ्यांचं म्या बघतो. पन आई, तुला रडताच येत न्हाई, असं मला वाटत हुतं... अण्णा गेले, तवा तरी?"

"तवा लई आलं हुतं रे! पन शबूद त्यांनाच दिल्ता... त्यांच्याच म्होरं कसा मोडू?"

काकासाहेब आईजवळ येऊन बसले. ज्या आईला आपण पाषाणहृदयी समजलो, ती आपल्याच घराच्या अब्रूसाठी जन्मभर आतल्या आत जळत होती!

"चुकलो म्या, आई! आता सोड तो शबूद. रड!"

"आता न्हाई येत रे..." त्या भेदरलेल्या लेकरासारख्या म्हणाल्या. "तिथं शुटिंगला सायेब मोजायचा. तीन म्हनला की पानी यायचं..."

काकासाहेबांनी त्यांचे हात हाती घेतले.

"एक..." ते म्हणाले. "दोन..."

तीन त्यांना म्हणावंच लागलं नाही.