काचेतली गोगलगाय

सोमवारी सकाळी ठाण्यात फोन वाजला. पलीकडे एक म्हातारी होती.

"काचेतली गोगलगाय चोरीला गेलीय. उद्या माझी कोर्टात तारीख आहे. कुणीतरी शहाणं माणूस पाठवा."

हवालदाराने कानशिलाजवळ बोट फिरवून दाखवलं आणि फोन इन्स्पेक्टर नेवेना कारादिमोवाच्या हातात कोंबला. म्हातारी वेडी असली की ती नेवेनाच्या वाट्याची, असा या ठाण्याचा अलिखित नियम होता.

नेवेनाचे पाय ठणकत होते. आदल्या दिवशी फुलांचा रविवार झाला होता. ज्यांची नावं फुला-झाडांवरून ठेवलेली, त्यांचा तो मानाचा दिवस. नेवेना हे फुलाचंच नाव. या दिवशी बोलावणं कुणी करत नाही. लोक आपणहून येतात, अंधार पडेपर्यंत येत राहतात. दार उघडं आणि मासा शिजलेला ठेवावा लागतो, नाहीतर गल्ली वर्षभर नावं ठेवते. कालचा अख्खा दिवस तिचा चुलीपुढे गेला होता.

प्लोवदिवच्या जुन्या कामगार वस्तीत, तिसऱ्या मजल्यावर इग्लिका दोनचेवा दारातच उभी होती. तीही फुलाच्या नावाची. घरात कालच्या माशाचा वास अजून रेंगाळत होता.

"चप्पल घाल पोरी, फरशी गार आहे," ती म्हणाली आणि नेवेनाला थेट टेबलाशी घेऊन गेली.

टेबलावर तळहाताएवढा, काचेच्या पडद्याचा इलेक्ट्रॉनिक खेळ होता. नेवेनाने तो पाहताच ओळखला. लालो करकोचा! डोक्यावर बंबवाल्याचं शिरस्त्राण, आणि वाऱ्याने उडालेले दोरीवरचे कपडे चोचीत पकडायला छपरावर धावणारा. आधी तो कार्टूनमध्ये आला, मग या खिशातल्या खेळात, मग टीव्हीला जोडायच्या खेळात. आता सोफियाची एक कंपनी त्याला नव्या यंत्रावर परत आणणार होती. आणि दर वेळी खाली एकच नाव, कार्टून काढणाऱ्या स्टुडिओच्या संचालकाचं. त्या गृहस्थाला सरळ रेघ ओढता येत नव्हती. पदकं मिळवून, सरकारी इतमामात मेला.

लालो काढला होता इग्लिकाने. तो काळच असा होता की काम एकाने करायचं आणि छाती दुसऱ्याने फुगवायची. तो काळ गेला म्हणतात. म्हणोत बापडे. स्टुडिओ विकला गेला तेव्हा तिची सगळी चित्रं रद्दीत गेली. उरला हा एवढा खेळ. लालो आपला आहे, हे उद्या कोर्टात तिला याच खेळावरून सिद्ध करायचं होतं.

"हा पहिला नमुना," इग्लिका म्हणाली. "कारखान्यात सगळ्यात आधी जुळवलेला. पाठीवरची ही रेघ माझ्या सुईची. आता ऐक. या खेळात लालो धावत नाही. सगळे लालो आधीच काचेत कोरून बसवलेले असतात, प्रत्येक जण आपापल्या जागी. यंत्र एकेकाला उजेडात आणतं, एवढंच. पण मागच्या भोकात टाचणी दाबली, की सगळे एकदम दिसतात."

"आणि गोगलगाय?"

"कोपऱ्यात. खेळात तिचं काही काम नाही. टाचणी दाबली तरच दिसायची. तिच्या शंखावर माझी सही होती. संचालकाला कळलं, त्याने पुढच्या सगळ्या काचांतून ती काढायला लावली. पण हा नमुना मी कोटाखाली लपवून घरी आणला होता."

नेवेनाने टाचणी दाबली. काचेवर सगळे लालो एकदम उमटले, हवेतल्या सगळ्या विजारी, सगळे मोजे. कोपरा मात्र रिकामा.

काल सकाळी पहिल्या पाहुण्यांना गोगलगाय दाखवली तेव्हा ती जागेवर होती, असं इग्लिकाने सांगितलं. संध्याकाळी कोर्टासाठी खेळ बांधून ठेवायला घेतला, सहज टाचणी दाबली, तर नव्हती. दिवसभर तो झोपायच्या खोलीत कपाटावर होता. पाहुण्यांचे कोट त्याच खोलीत ठेवलेले. ती स्वतः स्वयंपाकघरात. दार सताड उघडं.

नेवेनाने खेळ उलटा केला. सुईची रेघ जुनी होती. स्क्रूंची डोकी मात्र ताजी ओरबाडलेली. खोकं तेच, आतली काच बदललेली.

"गोगलगायीचं कुणाकुणाला माहीत होतं?"

"पाहुण्यांना गंमत म्हणून माहीत होतं. पण ती कोर्टात दाखवणार, हे तिघांनाच माहीत. खालचा मिंचो, भाची राडका, आणि याव्होर. तो उद्या माझ्या बाजूने साक्ष देणार आहे. माझ्या हाताखाली शिकला. पोरगेला होता तेव्हापासून मी म्हणते, आईबापाने झाडाचं नाव ठेवलं आणि हा झाडासारखाच वाढला, नुसता उंच."

नेवेना आधी तळमजल्यावर गेली. मिंचो जुने खेळ दुरुस्त करून बाजारात विकायचा. त्याच्या टेबलावर लालोंची उघडी खोकी पडली होती.

"काच बदलायला किती वेळ लागतो?"

"एक सिगरेट संपेपर्यंत. काच रबरी पट्टीवर नुसती टेकलेली असते, सोल्डरचा डाग द्यावा लागत नाही."

"म्हणजे तू बदलू शकतोस."

"डोळे मिटून. त्यात काय विशेष? इन्स्पेक्टरीणबाई, खाटकाकडे सुरी असते म्हणून गावातला प्रत्येक खून त्याचाच का?"

काल तो सकाळीच इग्लिकाकडे जाऊन बसला होता. गुडघे धरलेले, त्यामुळे बाटलीजवळची खुर्ची त्याने सोडली नव्हती. उठवायला दोघे लागले, हे सगळ्यांनी पाहिलं होतं. लालोची काच मिळणं अवघड नाही, असंही तो म्हणाला. अर्ध्या देशाच्या माळ्यावर एक तरी लालो पडलेला असतो. गेल्या आठवड्यातच याव्होरने त्याच्याकडून एक बंद पडलेला नेला होता. साधा लालो आणि नमुना यांतला फरक न्यायाधीशाला दाखवायला हवा, म्हणून.

भाची राडका औषधाच्या दुकानात काम करायची. तिने लपवाछपवी केली नाही.

"मी मावशीला म्हटलं होतं, विकून टाक. एक जर्मन संग्राहक मागे लागलाय. या वयात कोर्ट कशाला? कुणाला पडलंय कोंबडी आधी की अंडं आधी?"

"तुझ्याकडे साधा लालो आहे?"

"लहानपणचा आहे. मुलगा आंघोळीच्या टबात घेऊन बसतो."

काल ती कोटांच्या खोलीत कितीदा तरी गेली होती. कोट तीच ठेवत होती.

याव्होर नदीपलीकडे राहायचा. छोटं घर, पुढे बाग, लोखंडी फाटक. दारातून येताना वाकावं लागणारा माणूस. त्याने कॉफी दिली, सोबत दुसरं काही नव्हतं. गोगलगाय गेल्याचं ऐकून तो डोकं धरून बसला.

"बाईंचं आता कसं व्हायचं?" तो म्हणाला. इग्लिकाला तो अजून बाईच म्हणायचा.

"काल तुम्ही तिथे होता?"

"नाही. घरीच होतो, दिवसभर. साक्षीत काय बोलायचं ते घोकत होतो."

"सोबत कुणी?"

"कुणी नाही. कुणी आलंही नाही. शांत दिवस गेला."

"मिंचोकडून नेलेला लालो कुठे आहे?"

"आहे ना. उद्या कोर्टात आणणार आहे."

नेवेनाने कॉफी संपवली, आभार मानले. फाटकाबाहेर शेजारीण कांदे लावत होती. नेवेना तिच्याशी बराच वेळ बोलली.

दुपारी इग्लिकाच्या टेबलाभोवती सगळे जमले. याव्होरला नेवेनाने लालो घेऊनच यायला सांगितलं होतं. मिंचोला त्याच्या खुर्चीसकट वर आणलं होतं.

"चोराला खेळ नको होता," नेवेना म्हणाली. "हवा असता तर खिशात घालून नेला असता. राडका, तुझ्या जर्मनाला अख्खा नमुना पाहिजे. नुसती काच त्याच्या काय कामाची? उलट ही काच काढली तर खेळाची किंमत मातीमोल. तेव्हा तू नाहीस. मिंचोकाका खुर्चीतून हलले नाहीत, हे खोलीभर लोकांनी पाहिलं."

"नशीब गुडघ्यांचं," मिंचो पुटपुटला.

"चोराने काच बदलली आणि खेळ जागेवर ठेवला. का? मावशींना कोर्टाआधी कळू नये म्हणून. उद्या न्यायाधीशासमोर त्या टाचणी दाबणार, कोपरा रिकामा निघणार, आणि सगळं कोर्ट म्हणणार, म्हातारी खोटारडी आहे. नुसता पुरावा घालवायचा नव्हता. त्यांच्या शब्दावरचा विश्वासच मोडायचा होता. मावशींनी काल संध्याकाळी टाचणी दाबली नसती तर तसंच झालं असतं."

ती याव्होरकडे वळली.

"याव्होर, तुम्ही म्हणालात, काल दिवसभर घरी होता आणि कुणी आलं नाही. काल फुलांचा रविवार होता. मी नेवेना. माझ्या घरी उभं राहायला जागा नव्हती. मावशींकडेही तेच. फुलांचा तसा झाडांचाही तो दिवस, आणि तुमचं नाव झाडाचं. तुमच्याकडे कुणी कसं आलं नाही?"

याव्होरने मान वर केली.

"लोक आले होते. तुमची शेजारीण केक घेऊन आली, फाटकाला कुलूप. तिच्यामागून आणखी कितीतरी आले, हाका मारून परत गेले. गल्ली अजून रुसलेली आहे. नावाच्या दिवशी माणूस घर बंद करून कुठे जातो? तुम्ही इथे आलात. जिन्यात गर्दी होती. पाहुण्यांमागून आत शिरलात, कोट काढायच्या निमित्ताने त्या खोलीत गेलात आणि इकडे फिरकलातच नाहीत. उघड्या दाराच्या घरात कोण आलं-गेलं याचा हिशोब कुणी ठेवत नाही. मला उत्तर देताना मात्र तुम्ही आपलाच दिवस विसरलात. तुमचं सगळं लक्ष मावशींच्या दिवसावर होतं."

तिने हात पुढे केला. "मिंचोकडचा लालो द्या. त्याची काच इकडे आली, तर इकडची त्याच्यात असणार."

याव्होरने तो खिशातून काढून ठेवला. मिंचोने स्क्रू फिरवले, आतली काच काढून नमुन्यात टेकवली, वर झाकण दाबलं. टाचणी इग्लिकाने स्वतः लावली.

कोपऱ्यात गोगलगाय होती.

"फोडून का नाही टाकलीस?" इग्लिकाने विचारलं.

"पहिली काच आहे, बाई," तो कसाबसा म्हणाला. "हात धजला नाही."

मग त्याने सगळं ओकलं. कंपनीने कबूल केलं होतं, नव्या खेळात पहिल्याच पडद्यावर त्याचं नाव, लालोचा निर्माता म्हणून. फक्त म्हातारीचं नाव मध्ये येता कामा नये. साक्षीलाही तो जाणार होता. उभा राहून सांगणार होता, गोगलगाय वगैरे मी कधी पाहिली नाही.

"मी जन्मभर तुमच्या दोन चित्रांच्या मधली, हालचाल जोडणारी चित्रं काढली," तो म्हणाला. "तुमची गोगलगाय तरी होती. माझं काय होतं?"

"मागितलं असतंस," इग्लिका म्हणाली, "तर त्याच शंखावर तुझंही नाव कोरलं असतं. जागा होती."

तो रडायला लागला. तिने त्याला पाणी दिलं नाही.

सरकारी वकिलाने काचेच्या तुकड्याची चोरी म्हणून प्रकरण हसण्यावारी नेलं. इग्लिकाचा दावा मात्र उभा राहिला. न्यायाधीशाने टाचणी स्वतः दाबून पाहिली. द्राक्षं उतरायच्या सुमारास निकाल लागला, लालो करकोचा इग्लिका दोनचेवाचा. जिथे तो दिसेल तिथे तिचं नाव छापावंच लागेल.

कंपनीने वरच्या कोर्टात जायची तसदी घेतली नाही. तिने पक्षीच बदलला. नवा खेळ बाजारात आला तेव्हा छपरावर एक कावळा धावत होता, डोक्यावर टोपी, चोचीत विजार. लालो कुठेच नव्हता, म्हणून इग्लिकाचं नावही कुठेच नव्हतं. कायद्याची एक ओळही मोडली नव्हती.

हे सांगायला नेवेना स्वतः गेली. कंपनीला तिने भर जिन्यात आईवरून शिवी घातली. इग्लिका मिरच्या भाजत होती. नेवेनाने आणलेल्या जाहिरातीतला कावळा तिने चष्मा पुसून बराच वेळ पाहिला.

"हात चांगला आहे," ती म्हणाली. "खाली नाव कुणाचं?"

"कंपनीचं."

"कंपनीला हात असतात का? कुठलीतरी पोरगी बसली असणार रात्रंदिवस." तिने भाजलेली मिरची ताटात टाकली. "तिला आत्ताच शोध, नेवेना. म्हातारी झाल्यावर तुला फोन करेल, तेव्हा तू पण नसशील."