साक्षीची झाडं

हायरमचं काम कुऱ्हाडीचं. कोलोरॅडो नदीकाठच्या रानात टेक्सासची राजधानी वसणार होती आणि मोजणीदार व्हॉससाहेब मोजणीची साखळी टाकत पुढं चालले होते. कोपऱ्यावर खांब ठोकायचा, मग जवळच्या दोन झाडांची साल तळहाताएवढी, बरोबर खांबाकडे तोंड करून तासायची. त्या झाडांना साक्षी म्हणत. खांब कुजला, पुरात गेला, तरी साक्षी जागा सांगत. हायरमच्या कुऱ्हाडीच्या पात्याला खाच पडली होती, म्हणून त्याच्या प्रत्येक खुणेत मधोमध एक बारीक रेघ उमटे.

मोठा रस्ता एनॉकम्हाताऱ्याच्या खोपटापाशी अडला. साहेब तळावर जेवायला गेले होते. एनॉक अंगणातल्या चुलीवर मक्याची भाकरी भाजत होता.

“काका, शनिवारच्या आत हला. रस्त्याची रेघ पुरी झाली तर कोपऱ्याचा प्लॉट मला मिळणार आहे.”

“राजधानी म्हणे! लांडगेसुद्धा मुतायला थांबत नाहीत इथं.” एनॉक हसला. “आणि तू कोण रे? साहेबाच्या साखळीला बांधलेलं कुत्रं. ही चूल माझ्या मेलेल्या बायकोनं रचलीय. हिच्यापासून मी हलायचा नाही.”

हायरमच्या कुऱ्हाडीचा पहिला घाव खांद्यात बसला. म्हातारा चुलीत कोसळला. केस जळल्याचा वास सुटला, तरी त्याच्या हातानं हायरमचा बूट सोडला नाही. दुसरा घाव मानेवर बसला. तिसऱ्याची गरज नव्हती. तो हायरमनं रागानंच घातला.

कोपऱ्याच्या खांबाचा खड्डा त्यानं छातीइतका खोल केला, म्हातारा आत दुमडला, माती लोटली आणि वर खांब ठोकला. मोजणीचा खांब हलवणं गुन्हा. तिथं कोण उकरणार? मग त्यानं अंगणातलं रक्त राखेनं झाकलं.

“म्हातारा नदीपार गेला, साहेब,” व्हॉससाहेब जेवून परतल्यावर हायरम म्हणाला.

“शिव्या दिल्या असतील.”

“पोटभर.”

साहेब खांबाकडे बघत म्हणाले, “साक्षीसुद्धा करून ठेवल्यास? शाबास.”

हायरमनं वळून पाहिलं. त्यानं अजून एकाही झाडाला हात लावला नव्हता. दोन ओक झाडांवर ओल्या खुणा होत्या. मधोमध रेघ.

त्याच दुपारी त्यानं कुऱ्हाड नदीत फेकली.

दुसऱ्या सकाळी नऊ झाडं तासलेली होती. तिसऱ्या दिवशी, सगळीच. सगळ्यांची तोंडं खांबाकडे.

“गाढवा, एका खांबाला इतक्या साक्षी?” साहेब ओरडले. “खांब चुकीच्या जागी ठोकलायस आणि आता गोंधळ झाकतोयस. उपट तो!”

हायरम खांबापासून मागं सरला. तळावरच्या इतर गड्यांनीच खणलं. छातीइतकं, मग डोक्याइतकं.

आत नुसती माती होती.

त्याला प्लॉट मिळाला. घरासाठी ओंडके त्यानं मुद्दाम वीस मैलांवरून, दुसऱ्यांनी तोडलेले आणले. चूल स्वतः रचली. भिंती उभ्या राहिल्या तेव्हा एकही ओंडका तासलेला नव्हता. त्यानं प्रत्येकावरून हात फिरवून पाहिलं होतं.

रविवारी दुपारी व्हॉससाहेब घर बघायला आले. हायरमनं कॉफी ओतली. साहेबांनी कप हातात घेतला, पण ओठांना लावला नाही.

ते भिंतीकडे बघत होते. मग दुसऱ्या भिंतीकडे. मग तिसऱ्या.

प्रत्येक ओंडक्यावर तळहाताएवढी खूण होती. डिंक अजून ओघळत होता.

साहेबांनी सवयीप्रमाणे एक डोळा मिटला आणि खुणा कुठं बघतायत ते बोटानं जुळवत नेलं. बोट चुलीवर थांबलं.

त्यांनी कप हळूच खाली ठेवला.

“हायरम,” ते म्हणाले, “फावडं कुठं आहे?”