बकुळाबाईची स्वभावमूर्ती

प्रयोगशाळेत काचेपलीकडे नऊवारी नेसलेली बकुळाबाई बसली होती, आणि काचेअलीकडे खरी बकुळाबाई नेर्लेकर उभी होती. वय अठ्ठ्याहत्तर, पाठ ताठ. एके काळी हिच्या लावणीला लोक थिएटरच्या पायऱ्यांवर बसायचे. आता तिच्यावर माहितीपट निघत होता.

"मुलाखत देत नाही म्हटलं, तर माझं भूत बसवलंत होय?"

"भूत नाही बाई, स्वभावमूर्ती," डॉ. रेवती गुप्ते म्हणाल्या. "तुमची आजवरची सगळी चित्रणं यंत्राला दाखवली. तुम्ही कशा बोलता, कशावर चिडता, हे ते शिकलं. आठवणी त्यात नाहीत. स्वभाव तेवढा आहे."

निर्माता देवस्थळीला यातलं काही ऐकायचं नव्हतं. त्याला एकच नाव हवं होतं, बकुळाबाईच्या मुलीच्या बापाचं. ते पडद्यावर आलं की माहितीपट गाजणार, आणि न्यायाधीशाच्या खुर्चीत बसलेल्या लेकीचं भर कोर्टात हसं होणार. लोकांचा नाच बघून झाला, की त्यांना नाचणारीचं घर बघायचं असतं.

त्यानं मूर्तीला विचारलं.

मूर्ती हसली. "तुझ्या आईला विचारलंस का रे कधी असं?"

देवस्थळी लालबुंद झाला. "हिला जरा नरम करा!"

डॉक्टरांनी यंत्रावरची खरेपणाची कळ खाली फिरवली. मूर्तीनं डोळे पुसले आणि एका दिवंगत नटाचं नाव घेतलं.

"मिळालं!"

"पुन्हा विचारा," डॉक्टर म्हणाल्या.

या खेपेला मूर्तीनं एका मंत्र्याचं नाव घेतलं.

"खरेपणा निम्म्यावर आलाय," डॉक्टर म्हणाल्या. "ही आता बकुळाबाई नाही, तुम्हाला खूश करणारी कुणीतरी आहे. हिला बाईंचं नाव लावायला कायद्यानं बंदी आहे."

कळ पुन्हा वर गेली. देवस्थळी करवादला, "आठवणीच नाहीत म्हणता, मग लपवते काय ही?"

बकुळाबाई काचेला भिडली. "काय गं, तुला ठाऊक आहे?"

"नाही," मूर्ती म्हणाली. मग जरा पुढे वाकून, "कोण गं तो?"

"तुला कशाला नसती चौकशी?"

मूर्तीनं पदर खोचला. "बरोबर आहे. मीही नसतं सांगितलं."

मग ती देवस्थळीकडे वळली. "ऐकलंस? नाचाबद्दल विचारायचं असेल तर बस. नाहीतर ऊठ."