चौसष्टावं घर

ओळंबा हे नाव त्याला गिऱ्हाइकांनी दिलं होतं आणि उगाच नव्हतं दिलं. लग्नाला गेला तरी हा पठ्ठ्या आधी मांडवाखालची फरशी बघायचा, मग नवरा-नवरी. सांध्यात केसाएवढी फट दिसली तरी ह्याला घास गोड लागायचा नाही. दोघं भाऊ मिळून फरश्या बसवत. पण दगडाच्या धुळीनं थोरल्याची छाती पोखरली आणि दोन महिने दादा इस्पितळात पडून होता. म्हणून त्या दुपारी ओळंबा एकटाच निघाला. काम किरकोळ होतं. एका दिवाणखान्यातली तडकलेली फरशी बदलायची.

तिथे पाच-सहा म्हातारी माणसं रोज जमायची. गल्लीतले लोक त्यांना रिकामटेकडे म्हणत. ती स्वतःला रिकाम्या घराची मंडळी म्हणवत. त्यांच्यात वडीलकी होती एका निवृत्त गणिताच्या बाईंकडे. जमिनीवर आठ ओळी, प्रत्येकीत आठ घरं, त्रेसष्ट घरांत दगडी फरश्या आणि एक घर मोकळं.

"रोज चार वाजता शेजारची एक फरशी ह्या मोकळ्या घरात सरकवायची," बाई म्हणाल्या. "म्हणजे मोकळं घर एक पाऊल पुढे जातं. चौसष्ट दिवसांत ते सगळीकडे एकेकदा जाऊन मूळ जागी येतं. आमच्या आधीच्यांनी हेच केलं."

"मग सात-सातच्या ओळी घ्यायच्या की. दगड तरी वाचला असता."

बाईंनी हसून पाटी पुढे केली. "काढून दाखवा."

अर्धा तास ओळंबा खडू घासत बसला. कधी एक घर राहून जाई, कधी परतीची वाट बंद होई. शेवटी बाईंनी घरं एकाआड एक रंगवली. "प्रत्येक पावलाला रंग बदलतो. एकोणपन्नास पावलं म्हणजे विषम. काळ्यावरून निघालात तर पांढऱ्यावर पोचाल. घरी परतणं नाही."

ओळंबा बघतच राहिला. "तीस वर्षं फरश्या बसवतोय बाई, पण अक्कल आज आली."

प्रत्येक फरशीवर एक खूण कोरलेली होती. कुठे किल्ली, कुठे चष्मा, कुठे शिट्टी. ज्याचं आयुष्य अडलं, त्याची खूण. "जागा असेल तरच हलता येतं," बाई म्हणाल्या. "सगळी घरं भरली की सगळं अडलं. एवढंच आमचं शास्त्र. ते घर क्षणभरही भरायचं नाही."

ओळंब्यानं दादासाठी शब्द टाकला. नव्या फरशीवर बाईंनी स्वतःच्या हातानं दादाची खूण म्हणून थापी कोरली. त्याच संध्याकाळी दादा उशीला टेकून बसला आणि त्यानं चहा मागितला. ओळंबा बाहेर व्हरांड्यात जाऊन ढसाढसा रडला.

दुसऱ्या दिवशी तो पातळी तपासायला आला. चारला दहा मिनिटं कमी होती. मंडळी आतल्या खोलीत होती. आता फरशीवाल्याची एक रीत असते: फुटली तर हाताशी असावी म्हणून तो एक फरशी जास्तीची कापतो. ती ओळंब्याच्या हातात होती आणि समोर ते भोक. त्याला ते बघवेना. फक्त माप बघू, लगेच उचलू, असं म्हणत त्यानं फरशी सोडली. ती अशी बसली, की सांधा कुठे आहे ते बोटाला कळेना. "वा रे वा!" तो स्वतःशीच म्हणाला.

मग त्याच्या लक्षात आलं, की भिंतीवरचं घड्याळ वाजत नाहीये. कवडशातली धूळ हवेत जिथल्या तिथे थांबली होती. ओल्या दगडाचा वास दाट होत गेला. आतून बोलण्याचा आवाज येत होता, तो अर्ध्या शब्दावर तुटला.

खिशातला फोन वाजला.

"भावजी..." वहिनींचा आवाज बसला होता. "ह्यांनी श्वास घेतलाय... सोडतच नाहीयेत..."

त्यानं फरशीच्या कडेला नखं लावली. थापीचं टोक लावलं. सुरीचं पातं लावलं. कुठेच काही शिरेना. आयुष्यात इतकं चोख काम त्याच्या हातून झालं नव्हतं. दारात बाई उभ्या होत्या, एक पाय उंबऱ्यावर अधांतरी. त्यांचे फक्त डोळे हलले, हातोडीकडे.

पहिला घाव त्यानं रडत घातला. दुसऱ्याला चीर गेली. तिसऱ्याला मधला तुकडा निघाला आणि घड्याळाचा ठोका पडला.

"सोडला..." फोनवर वहिनी हुंदके देत होत्या. "सोडला हो श्वास..."

बाई एका शब्दानं रागावल्या नाहीत. खाली बसून त्यांनी त्याच्याबरोबर कपची न् कपची वेचली. जुळवून पाहिलं, तर नखाएवढा एक चौकोनी तुकडा सापडेना.

दादा सुधारत गेला. भूक लागली, थट्टा सुरू झाली. डॉक्टरीणबाईंनी लागोपाठ तीन दिवस छातीचे फोटो काढले आणि ते ओळंब्याला दिव्यासमोर धरून दाखवले. फुप्फुसात नखाएवढा काळा चौकोन, कडा पट्टीनं आखल्यासारख्या. प्रत्येक पुढच्या फोटोत तो एक घर पुढे सरकलेला.

"यंत्राचा दोष असणार," त्या म्हणाल्या. "कारण पेशंट तर ठणठणीत आहे."

ओळंब्यानं वाट ओळखली. त्या तीन दिवसांत दिवाणखान्यात मोकळं घर असंच फिरलं होतं. त्यानं बोटावर दिवस मोजले. सदतिसाव्या दिवशी तो चौकोन काळजाशी पोचत होता. पुढची वाट होती, हे त्याला माहीत होतं. पण त्या एका दिवशी काळजानं सरकायचं कुठे, ते बाईंनाही सांगता आलं नव्हतं.

तो दिवस आला तेव्हा तो दादाचा हात हातात घेऊन बसला. दिवाणखान्याबद्दल त्यानं भावाला चकार शब्द सांगितला नव्हता. चाराचा ठोका पडला. दादा गप्पा मारता मारता थांबला, कुणाला वाट द्यावी तसा कुशीवर किंचित वळला आणि हसला.

"फरशी सरकली बघ," तो म्हणाला. "आज डावीकडे."