पंधरा मिनिटं पुढं

"आपटून फोन दुरुस्त होत असते, तर मी फिजिक्समध्ये डोकं कशाला घातलं असतं?" शुभांगी म्हणाली.

शेजारच्या सीटवरचा तरुण दचकला. मघापासून तो हातातला जुनाट फोन गुडघ्यावर आपटत होता. रागानं नव्हे, झोपलेल्याला उठवावं तसं, हळूहळू. नगरहून पाथर्डीला निघालेली एसटी करंजी घाटाच्या अलीकडे गरम होऊन थांबली होती. ड्रायव्हर पाणी शोधायला गेला होता, अर्धी बस खाली उतरली होती आणि खिडकीतून नुकत्याच कापलेल्या बाजरीचा कोरडा, गोडसर वास येत होता.

"फिजिक्सवाल्यांना मोबाईल येतो का?" त्यानं विचारलं.

"मी कॉलेजच्या प्रयोगशाळेत असते. मुलं दिवसभर काही ना काही बिघडवतात. येतं थोडंफार. झालंय काय?"

तो नगरजवळच्या नागापूरच्या एका कारखान्यात फिटर होता. नाव बिभीषण. नखांच्या कडेला तेलाची बारीक काळी रेघ होती आणि घाईत दाढी करताना हनुवटीखालचा एक ठिपका राहून गेला होता. शुभांगीच्या तो लगेच लक्षात आला. मग आपण इतकं बारकाईनं का बघतोय, हेही लक्षात आलं.

"अ‍ॅप घ्यायच्या दुकानात जायाचंय, तर 'कनेक्ट होता येत नाही' म्हनतंय. उद्या सकाळी आई टोळीबरोबर ऊसतोडीला चाललीय, कोल्हापूरकडं. पाच-सहा महिने. तिला वाचता येत न्हाई, पन फोटोवर बोट ठेवता येतं. व्हिडिओ कॉलचं अ‍ॅप टाकलं की तिला मी दिसंन, मला ती दिसंल. एवढंच." त्यानं फोन उलटा केला. "मोबाईलवाला म्हनला, जुना झालाय, टाकून द्या. आज बसमधून उतरायच्या आत झालं तर झालं. आमच्या वस्तीवर रेंज न्हाई."

"तुम्ही काय काय करून बघितलं?"

"बंद-चालू केला. सिम बदललं. दुकानाचा सगळा डेटा पुसला. अकाउंट काढून परत टाकलं."

"सगळं एकदम?"

"एकदम."

"म्हणजे कशानं काय झालं, ते देवालाही सांगता येणार नाही." तिनं हात पुढे केला. "द्या. आता एका वेळी एकच गोष्ट."

आधी तिनं आपल्या फोनचं नेट त्याला जोडून दिलं. तेच उत्तर. म्हणजे सिमचा दोष नव्हता. मग बातम्यांचं एक पान उघडून पाहिलं. 'ही जागा सुरक्षित नाही.' दुसरं उघडलं. तेच. तिसरं... तेच.

"गंमत आहे," ती स्वतःशीच बोलल्यासारखी म्हणाली. "एक दुकान बंद असेल तर दोष दुकानाचा. पण सगळा बाजारच बंद दिसत असेल तर..."

"तर मग आज बाजाराचा वार न्हाई," बिभीषण हसून म्हणाला.

शुभांगीनं झटकन त्याच्याकडे पाहिलं. इतकं रोखून, की त्याचं हसू अर्ध्यावरच राहिलं.

"काय चुकलं का माझं?"

"अजिबात नाही," ती म्हणाली. पडद्यावरची पट्टी तिनं खाली ओढली आणि फोन त्याच्यासमोर धरला. "वाचा."

"शुक्रवार," तो म्हणाला. "बरोबर हाय की. आज शुक्रवारच—"

"पुढं?"

"...एक जानेवारी. दोन हजार सोळा." त्यानं कपाळावर हात मारला. "आयला! वार बरोबर दिसला म्हनून पुढं बघितलंच न्हाई!"

फोन वर्षभर पत्र्याच्या पेटीत पडून होता. बॅटरी पार संपली आणि तो तारीख विसरून गेला. आज सकाळी चार्ज झाल्यावर बिभीषणनं वेळ तेवढी हातानं लावली होती.

"प्रत्येक साईटकडे एक ओळखपत्र असतं," शुभांगीनं समजावलं. "कधीपासून कधीपर्यंत चालेल, ते त्यावर लिहिलेलं. तुमचा फोन दोन हजार सोळात बसलाय. समोरचं ओळखपत्र या वर्षीचं. तो म्हणतो, हे तर अजून जन्मालाच आलेलं नाही, मी नाही आत जाणार. फोन बिचारा इमानदार आहे."

"फोनचा मालक बी तसाच हाय."

ती हसली, पण मान वर न करता. तिचं घड्याळ पाच वाजून पाच मिनिटं दाखवत होतं आणि त्याचा फोन पाच वीस. "वेळही चुकलीय. पंधरा मिनिटं पुढं."

"ती चुकली न्हाई, ती मुद्दाम." तो एकदम गंभीर झाला. "मुकादमाचा ट्रक कुनासाठी थांबत न्हाई. म्हनून आमच्या घरात घड्याळ पंधरा मिनिटं पुढं असतं. आईचा नेम हाय. त्यासाठीच ते आपोआप वेळ घ्यायचं बंद केलंय."

"तेच तर चालू करावं लागेल."

"तारीख हातानं लावा की. पंधरा मिनिटं राहू द्या."

"आज चालेल. पण उसाच्या फडात लाईट कुठली? चार दिवसांनी बॅटरी पार संपली, की पुन्हा दोन हजार सोळा. मग आईंना तारीख कोण लावून देणार?"

बिभीषणनं कपाळाला आठी घातली. आईचा नेम मोडायचा, की आईचा चेहरा गमवायचा? शुभांगीला ते त्याच्या कपाळावर स्पष्ट वाचता आलं, आणि तिला एकदम सुचलं.

"घड्याळ खरं ठेवू," ती म्हणाली, "आणि गजर पंधरा मिनिटं आधीचा लावू. नेम आईंचा, वेळ जगाची. चालेल?"

त्यानं तिच्याकडे पाहिलं... जरा जास्तच वेळ. "चालंल," तो म्हणाला. "पळंल."

दुकान उघडलं. अ‍ॅप रांगत रांगत उतरलं, तोवर ड्रायव्हरही कॅन घेऊन परतला.

"आता एक कॉल करून बघू," बिभीषण म्हणाला. "तुमचा नंबर... म्हंजे, टेस्टपुरता."

तिनं दिला. एकाच सीटवर बसून दोघं दोन पडद्यांत एकमेकांना बघू लागले. "हॅलो," ती म्हणाली आणि तोच हॅलो अर्ध्या सेकंदानं त्याच्या फोनमधून पुन्हा आला. तो हसला. हसू आधी शेजारी उमटलं, मग पडद्यावर. आवाज एवढा फेरा मारून येतो त्याला तेवढा वेळ लागणारच, हे शुभांगीला ठाऊक होतं. पण एक हसू दोनदा मिळतं, हे कुठल्याच पुस्तकात नव्हतं.

तिसगाव आलं. ती उतरायला उठली.

"टेस्टचा नंबर पुसू का?"

"प्रयोगाची नोंद पुसायची नसते."

इतक्यात त्याच्या खिशात फोन वाजला. त्याचा स्वतःचा, नवा, चांगला मोठा फोन. शुभांगी पायरीवरच थबकली.

"टेस्ट याच्यावरही झाली असती!"

"व्हय," बिभीषण म्हणाला. कान लाल झाले होते, पण नजर तशीच होती. "सुचलं न्हाई."

पुढच्या शुक्रवारी नगरच्या माळीवाडा स्टँडवर पाथर्डीची बस लागली, तेव्हा एका खिडकीशी तो बसलेला होता आणि शेजारच्या सीटवर रुमाल टाकलेला होता.

"या की, मॅडम. मी पन आत्ताच आलो. नेमकी जागा सापडली."

पण त्याच्या चेहऱ्यावर रया नव्हती. "आठ दिवस झाले. आईचा एक फोन न्हाई. लावला तर बंद. आपन काय चुकलो का?"

शुभांगीनं सगळं मनात पुन्हा एकदा तपासलं. तारीख, वेळ, अ‍ॅप, गजर. "काही चुकलेलं नाही. बॅटरी संपलीय. चार्ज झाला की रेंजमध्ये येईल, स्वतःच वेळ घेईल आणि आई फोटोवर बोट ठेवतील."

"खात्री?"

"खात्री. नाही आला तर चहा माझ्याकडून."

"आन आला तर?"

"तर तुमच्याकडून."

"म्हंजे चहा ठरलेलाच हाय," तो म्हणाला आणि त्या आठवड्यात पहिल्यांदाच हसला. तिसगावला ती उतरली, तेव्हा त्याच्या नव्या फोनचा नंबरही तिच्याकडे होता.

बुधवारी दुपारी शुभांगी प्रयोगशाळेत भिंगं पुसत होती, तेव्हा फोन वाजला. पडद्यावर आधी आभाळ दिसलं, मग उसाची पात, मग डोक्याला फडकं गुंडाळलेला एक उन्हानं रापलेला चेहरा.

"दिसतंय का गं? मी कडूबाई. बिभीषणची आय. मुकादमाच्या गाडीवर चार्ज केला बघ. चालू झाला तो थेट टायमावरच आला!"

शुभांगीनं भिंग खाली ठेवलं. "मावशी, बिभीषणना लावलात का? ते वाट बघतायत."

"लावते की आता. दोनच फोटू हायेत वर. त्याचं तोंड जल्मापासून बघते, म्हनलं आदी तुजं बघावं." कडूबाईंनी फोन डोळ्यांजवळ नेला. "निघायच्या आदल्या दिशी मी भाकरी थापत हुते, तर पोरगा फोनचं कमी आन तुजंच जास्त सांगत हुता. म्हनला, येत्या शुक्रवारी शिफ्ट सुटली की पळत जातो आन तिला रुमाल टाकतो. टाकला का?"

"टाकला, मावशी."

"मग बरं. ठेवते. वाया नको जायाला बॅटरी."

शुक्रवारी शुभांगीनं कॉलेजातून लवकर निघायची परवानगी घेतली. शिफ्ट कधी सुटते, नागापूरहून स्टँड किती लांब, पळत आलं तर किती वेळ... हिशोब तिनं पक्का केला आणि त्याच्याही आधी पोहोचली. बस लागली. खिडकीची जागा तिनं त्याच्यासाठी सोडली आणि तिथं रुमाल टाकला.

बिभीषण धापा टाकत चढला. तिला बघून दारातच थांबला.

"जागा धरलीय," शुभांगी म्हणाली.

"कुनासाठी?"

"आहे एक. पंधरा मिनिटं पुढं चालतो आणि आत्ताच आलो म्हणून सांगतो."

तो येऊन खिडकीशी बसला. कान पुन्हा लाल.

"आईचा फोन आला हुता," तो म्हणाला. "तासभर बोलली. म्हनली, पोरगी बघितली. ब्येस हाय. आता तू तोंड उघड."

"मग?"

"मग... उघडतो." त्यानं रुमालाची नीट घडी घातली, मोडली, परत घातली. "शुभांगी, मला तुमी आवडता. रोज शेजारी बसावं वाटतं. नुसतं शुक्रवारी न्हाई. तुमचं काय ते सांगा. आज न्हाई सांगितलं तरी चालंल."

शुभांगीनं पर्समधून फोन काढला आणि एका फोटोवर बोट ठेवलं. त्याच्या खिशात घंटी वाजली. त्यानं गोंधळून फोन समोर धरला. पडद्यावर ती होती, शेजारी ती होती आणि दोन्हीकडे ती हसत होती.

"हो," ती म्हणाली.

म्हणाली एकदाच. त्याला मात्र ते दोनदा ऐकू आलं.